पाकिटावरचे लाल, पिवळे, हिरवे : ब्रिटनमधील ट्रॅफिक लाइट लेबलचे परीक्षण

ब्रिटनमधल्या कोणत्याही मोठ्या सुपरमार्केटमध्ये सूपचा डबा, सॉसची बाटली किंवा तयार जेवणाचे खोके हातात घेतले, की बहुधा दर्शनी बाजूला एका ओळीत पाच छोटे रकाने दिसतात. पहिल्या रकान्यात कॅलरी असतात आणि त्याला सिग्नलचा रंग नसतो. पुढच्या चार रकान्यांत फॅट, सॅच्युरेटेड फॅट (संपृक्त चरबी), साखर आणि मीठ यांचे प्रमाण ग्रॅममध्ये दिलेले असते आणि त्या प्रमाणानुसार प्रत्येक रकाना लाल, पिवळा किंवा हिरवा रंगवलेला असतो. इथे सगळे याला ट्रॅफिक लाइट लेबल म्हणतात. आमच्या घरात एकाला रक्तदाब आणि एकाला मधुमेह असल्यामुळे आठवड्याचे वाणसामान मी या रकान्यांकडे बघूनच भरते. इथे नव्याने आलेली मराठी कुटुंबे मात्र एकतर या लेबलकडे काणाडोळा करतात, नाहीतर हिरवे म्हणजे खायचे आणि लाल म्हणजे टाकायचे असा सरधोपट अर्थ लावतात. दोन्हींत नुकसान आहे, आणि आपल्या लोकांचे ते अधिक आहे. दक्षिण आशियाई वंशाच्या माणसांना टाइप २ मधुमेहाचा धोका गोऱ्या ब्रिटिशांच्या तुलनेत दोन ते चार पट असतो आणि तोही कमी वजनावर, म्हणून इथल्या आरोग्यविषयक मार्गदर्शनात आपल्यासाठी बीएमआयची, म्हणजे उंचीच्या मानाने वजन किती याच्या आकड्याची, धोक्याची रेषा २५ ऐवजी २३ धरलेली आहे.

माझे मत आधीच सांगते. हे लेबल चांगले आहे, पण एका ठरावीक कामासाठी : एकाच फळीवर शेजारी शेजारी ठेवलेल्या, एकाच जातीच्या दोन वस्तूंमधली बरी कोणती हे चटकन ठरवण्यासाठी. कोणता पदार्थ आपल्या आहारात असावा आणि कोणता नसावा, याचा निवाडा त्याच्यावर सोपवला तर ते चुकीच्या वाटेला लावते.

फूड स्टँडर्ड्स एजन्सी या ब्रिटनच्या अन्नविषयक सरकारी संस्थेने रंगांची ही पद्धत २००६ मध्ये सुचवली. पुष्कळ कंपन्यांना तेव्हा रंग नको होते. दिवसभराच्या गरजेपैकी किती टक्के, एवढाच आकडा छापणे त्यांना सोयीचे वाटत होते. पुढे २०१३ मध्ये सरकारने दोन्हींची सांगड घालून आजचा नमुना ठरवला : ग्रॅम, टक्का आणि रंग हे तिन्ही एकाच रकान्यात. मात्र तो ऐच्छिक आहे. पाकिटाच्या मागचा पोषणाचा तक्ता डिसेंबर २०१६ पासून सक्तीचा झाला, पुढचे रंग नाहीत. म्हणूनच मोठ्या दुकानसाखळ्यांच्या स्वतःच्या मालावर रंग जवळपास सर्वत्र दिसतात आणि इतर कंपन्यांच्या मालावर कधी दिसतात, कधी दिसत नाहीत.

रंग कसा ठरतो हे एकदा समजून घेतले, तर लेबलचे गुण आणि दोष दोन्ही आपोआप उघडे पडतात. घन पदार्थाच्या १०० ग्रॅममध्ये फॅट ३ ग्रॅमपर्यंत असेल तर हिरवा आणि १७.५ ग्रॅमच्या वर गेले तर लाल. सॅच्युरेटेड फॅटसाठी या सीमा १.५ आणि ५ ग्रॅम, साखरेसाठी ५ आणि २२.५ ग्रॅम, मिठासाठी ०.३ आणि १.५ ग्रॅम. मधले सगळे पिवळे. पेयांसाठी सीमा साधारण निम्म्या आहेत, फक्त मिठाची हिरवी सीमा तीच ठेवली आहे. याशिवाय एक दुसरी कसोटी आहे, जी फार थोड्या ग्राहकांना ठाऊक असते : एका वेळी खायचा वाढप १०० ग्रॅमपेक्षा मोठा असेल, तर अख्ख्या वाढपातले प्रमाणही मोजतात, आणि त्यात फॅट २१ ग्रॅम, सॅच्युरेटेड फॅट ६ ग्रॅम, साखर २७ ग्रॅम किंवा मीठ १.८ ग्रॅमच्या वर गेले, तर १०० ग्रॅमचा हिशेब काहीही सांगो, रकाना लाल होतो.

आता फळीसमोर उभे राहून बघू. सकाळच्या न्याहारीच्या धान्यांचा विभाग हा या लेबलची खरी परीक्षा घेणारा, कारण तिथल्या प्रत्येक खोक्यावर गव्हाच्या लोंब्या, मधाचे थेंब आणि डोंगरांची चित्रे असतात आणि सगळेच पौष्टिक वाटते. वीटाबिक्स या गव्हाच्या वड्यांच्या खोक्यावर चारही रकाने हिरवे असतात. १०० ग्रॅममध्ये साखर ४.२ ग्रॅम आणि मीठ ०.२८ ग्रॅम, म्हणजे दोन्ही आकडे हिरव्या सीमेच्या अगदी आत. शेजारच्या ग्रॅनोलाच्या, म्हणजे गोडी घालून भाजलेल्या ओट्सच्या मिश्रणाच्या, पाकिटावर साखरेचा रकाना पिवळा असतो आणि बहुधा फॅटचाही. एवढ्या माहितीसाठी एरवी खोके फिरवून, चष्मा लावून मागची बारीक अक्षरे वाचावी लागली असती, ती इथे दुरून, चालता चालता मिळते. पास्ता सॉस, पाव, सॉसेज, बटाट्याचे तयार वेफर्स, गोठवलेले पिझ्झे या सगळ्यांत हीच सोय होते. मिठाच्या बाबतीत तर मला हे लेबल अमूल्य वाटते, कारण मीठ डोळ्यांना दिसत नाही आणि सॉसमध्ये टोमॅटोच्या आंबटगोडापुढे जिभेलाही नीट कळत नाही. आमच्याकडचा रक्तदाबाचा पेशंट जेवणात वरून मीठ घेत नाही, पण पाव रोज खातो, आणि बहुतेक पावांवर मिठाचा रकाना पिवळा असतो हे या लेबलमुळेच आमच्या नजरेत भरले. मग पिवळ्यातला त्यातल्या त्यात कमी आकड्याचा पाव निवडता येतो.

मात्र हा कमी आकडा बघावा लागतो, आणि इथे लेबलचा पहिला मोठा दोष आहे. पिवळा पट्टा फारच रुंद आहे. साखर ६ ग्रॅम असलेला पदार्थ पिवळा आणि २२ ग्रॅम असलेलाही पिवळा. एकात दुसऱ्याच्या जवळजवळ चौपट साखर आहे, पण रंग एकच. ज्याने फक्त रंग बघितला त्याला दोन ग्रॅनोलांत फरक दिसणार नाही. म्हणून रंग सारखा असेल तेव्हा आकडा वाचावा, आणि तोही १०० ग्रॅमचा, कारण वाढपाचे माप प्रत्येक कंपनी आपल्या सोयीने ठरवते.

वाढपाच्या मापाचा खेळ सूपच्या डब्यावर सर्वांत स्पष्ट दिसतो. समजा ४०० ग्रॅमच्या डब्यातल्या सूपमध्ये १०० ग्रॅममागे ०.६ ग्रॅम मीठ आहे. लेबलवर 'अर्धा डबा' हे वाढप छापले तर मीठ १.२ ग्रॅम होते आणि रकाना पिवळा राहतो. 'पूर्ण डबा' छापले असते तर २.४ ग्रॅम झाले असते, १.८ ची सीमा ओलांडली गेली असती आणि तोच रकाना लाल झाला असता. सूप तेच, मीठ तेच. कागदावर अर्धा डबा म्हटल्याने रंग बदलला. प्रत्यक्षात थंडीच्या दिवसांत घरी आलेला माणूस डबा उघडतो, गरम करतो आणि पूर्ण पितो. अर्ध्या पिझ्झ्याचे, पाव पाकिटाचे वाढप याच प्रकारचे आहे. यात कायदा मोडला जात नाही, पण ग्राहकाची फसगत होते आणि सरकारने वाढपाची मापे पदार्थानुसार बांधून द्यायला हवीत असे मला कळकळीने वाटते.

साखरेच्या टक्क्यात तर याहून गंभीर घोळ आहे. कोकाकोलाच्या १०० मिलिलिटरमध्ये १०.६ ग्रॅम साखर असते, जी पेयांच्या ११.२५ ग्रॅमच्या लाल सीमेच्या आतच आहे. ३३० मिलिलिटरच्या कॅनमध्ये मात्र ३५ ग्रॅम होते, आणि वाढपाच्या कसोटीमुळेच तो रकाना लाल होतो. इथपर्यंत लेबलने आपले काम केले. पण त्याच रकान्यात टक्का ३९ असा छापलेला असतो, कारण तो दिवसाला ९० ग्रॅम एकूण साखर धरून काढतात. या ९० ग्रॅममध्ये दुधातली आणि अख्ख्या फळातली साखरही येते. वरून घातलेली साखर, मध, सरबते, फळांचे रस यांतल्या साखरेसाठी ब्रिटनचा २०१५ पासूनचा अधिकृत सल्ला प्रौढ माणसाला दिवसाला ३० ग्रॅमच्या वर जाऊ नये असा आहे. म्हणजे एका कॅनने दिवसाची मर्यादा ओलांडली, आणि लेबल सांगते की अजून एकसष्ट टक्के शिल्लक आहे. लाल रंग खरे बोलतो आणि त्याच्याच पोटातला टक्का दिशाभूल करतो. हा टक्का मी वाचणे सोडून दिले आहे आणि इतरांनीही सोडावे.

मधुमेह असलेल्या घरासाठी याहून महत्त्वाची गोष्ट अशी, की या लेबलला पिष्टमय पदार्थ दिसतच नाहीत. 'साखर' या रकान्यात फक्त साखर मोजतात. मायक्रोवेव्हमध्ये दोन मिनिटांत होणाऱ्या पांढऱ्या भाताच्या पाकिटावर साखरेचा रकाना हिरवागार असतो, बाकीचेही बहुधा हिरवेच. पण त्या भाताच्या १०० ग्रॅममध्ये साधारण ३० ग्रॅम कार्बोहायड्रेट असते आणि ते रक्तात शेवटी ग्लुकोज होऊनच उतरते. नानच्या पाकिटाचे तेच. ज्यांच्या जेवणाचा पाया भात आणि पोळी आहे अशा आपल्या माणसाने साखरेचा हिरवा रकाना बघून निश्चिंत होणे फार धोक्याचे आहे. त्याने पाकीट उलटवून मागच्या तक्त्यात 'कार्बोहायड्रेट' आणि 'फायबर' या दोन ओळी वाचल्याच पाहिजेत. या दोन्हींना पुढे जागा नाही, आणि फायबरला नसणे ही माझ्या मते या लेबलची सर्वांत मोठी उणीव आहे. अख्ख्या गव्हाचा पाव आणि मैद्याचा पाव रंगांत एकसारखे दिसू शकतात ते यामुळेच.

याच कारणाने वेगवेगळ्या जातींच्या पदार्थांची रंगांवरून तुलना करू नये. ऑलिव्ह तेलाच्या बाटलीवर फॅट लाल, सॅच्युरेटेड फॅट लाल, साखर हिरवी, मीठ हिरवे. तुपाच्या डब्यावर रंगांचा क्रम अगदी हाच येतो. पण ऑलिव्ह तेलाच्या १०० ग्रॅममध्ये सॅच्युरेटेड फॅट साधारण १४ ग्रॅम, तर तुपात ६० ग्रॅमच्या आसपास. कोलेस्टेरॉलची चिंता असलेल्याला हा फरक रंगांतून कळणारच नाही. बिनमिठाचे भाजलेले शेंगदाणे फॅटमध्ये लाल असतात, पण तेवढ्याने ते चिप्सच्या पंक्तीत जाऊन बसत नाहीत. बेदाण्यांचा साखरेचा रकाना गोळ्या-चॉकलेटांइतकाच लाल असतो. साधारण दहा टक्के फॅटचे घट्ट, साधे ग्रीक दही सॅच्युरेटेड फॅटमध्ये लाल दिसते, आणि स्ट्रॉबेरी घातलेले, साखर ढवळलेले 'लो फॅट' दही हिरवे-पिवळे. घरी दही लावणाऱ्या आपल्या बायकांना यातले खाण्याजोगे कोणते हे सांगायला नको, पण मुले रंग बघून दुसरे उचलतात. आणि डाएट कोला? चारही हिरवे. त्यात पोटभरीचे, पोषणाचे काही आहे म्हणून नव्हे, तर मोजायच्या चार गोष्टी त्यात नाहीत म्हणून.

आणखी एक गोष्ट चटकन नोंदवते : ब्रिटनमध्ये दर बारा पुरुषांत साधारण एकाला रंगांधळेपणा असतो आणि त्यात लाल-हिरव्याचा गोंधळ सर्वांत जास्त. काही पाकिटांवर रंगासोबत 'हाय', 'मीडियम', 'लो' असे शब्द छापतात, काहींवर नाही. ते सर्वत्र छापायला हवेत.

मग या रंगांनी लोकांचे खाणे खरोखर सुधारते का? याचे मला सर्वांत पटलेले उत्तर सुपरमार्केटमधून नव्हे, तर अमेरिकेतल्या बॉस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलच्या कॅफेटेरियातून आले. तिथे २०१० मध्ये डॉ. अॅन थॉर्नडाइक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रत्येक पदार्थाला लाल, पिवळा किंवा हिरवा असा एकच रंग दिला. काही महिन्यांनी दुसरा टप्पा आला : पदार्थांची मांडणी बदलली, हिरवी पेये फ्रिजमध्ये नजरेच्या उंचीवर आणली, लाल पेये खाली नेली आणि पाण्याच्या बाटल्या टोपल्यांत भरून जेवणाच्या काउंटरांजवळ ठेवल्या. दोन वर्षांनंतर एकूण विक्रीतला लाल पदार्थांचा वाटा २४ टक्क्यांवरून २० वर उतरला होता आणि हिरव्यांचा ४१ वरून ४६ वर चढला होता. पेयांमध्ये बदल अधिक ठळक होता, लाल पेये २६ वरून १७ टक्क्यांवर आली. हे आकडे डोळे दिपवणारे नाहीत, पण ते दोन वर्षे टिकले याला माझ्या लेखी मोल आहे. सुरुवातीची नवलाई ओसरल्यावर लोक पूर्वपदावर जातात हा नेहमीचा अनुभव इथे आला नाही. रंगाला मांडणीची जोड हवी, हेही त्यातून दिसते. इंग्लंडने १ ऑक्टोबर २०२२ पासून मोठ्या दुकानांत फॅट, साखर, मीठ जास्त असलेले ठरावीक पदार्थ प्रवेशद्वाराशी, फळ्यांच्या टोकांना आणि पैसे देण्याच्या जागी ठेवायला बंदी केली. लहान मुलांना घेऊन रांगेत उभ्या राहणाऱ्या प्रत्येक आईला या नियमाचा उपयोग कळेल.

या लेबलची उणीव मला सर्वाधिक जाणवते ती मात्र भारतीय वाणसामानाच्या दुकानात. सुपरमार्केटमध्ये डोळसपणे खरेदी केलेली कुटुंबे तिथून पापड, लोणचे, चिवडा, शेव, फरसाण, तयार पिठे, गोठवलेले पराठे भरून नेतात, आणि त्यातल्या बहुतेक पाकिटांवर रंग नसतात, कारण ते सक्तीचे नाहीत. असतो तो फक्त भारतातला हिरवा ठिपका. तो शाकाहारी असल्याची खूण आहे आणि पोषणाशी त्याचा काडीचा संबंध नाही, पण इथल्या रंगांची सवय झालेल्या मुलांना हे सांगावे लागते. पापड आणि लोणचे मिठाच्या लाल सीमेच्या पुष्कळ पुढे असतात. त्यांचे वाढप छोटे असते हे खरे, पण पंगतीत दुसरा पापड नको म्हणणारा माणूस मी फारसा पाहिलेला नाही.

अशा पाकिटांसाठी रंग आपल्याला स्वतःच काढता येतात. भारतीय पाकिटावरच्या तक्त्यात १०० ग्रॅममागचे एकूण फॅट, सॅच्युरेटेड फॅट आणि साखर दिलेली असते, ती वरच्या सीमांशी ताडून बघायची. मिठाऐवजी तिथे सोडियम मिलिग्रॅममध्ये असते. त्याला अडीचने गुणले की मीठ मिळते. ६०० मिलिग्रॅम सोडियम म्हणजे बरोबर दीड ग्रॅम मीठ, म्हणून शेवेच्या किंवा मसाला शेंगदाण्यांच्या पाकिटावर सोडियम ६०० च्या वर दिसले की रकाना लाल समजावा, १२० पर्यंत असेल तर हिरवा. भारतात राहणाऱ्यांनाही ही रीत तितकीच उपयोगी आहे. तिथे अन्नसुरक्षा प्राधिकरणाने, म्हणजे एफएसएसएआयने, सप्टेंबर २०२२ मध्ये अर्ध्या ताऱ्यापासून पाच ताऱ्यांपर्यंत मानांकनाचा मसुदा काढला, आणि पाकिटाच्या दर्शनी लेबलचा प्रश्न रेंगाळल्यामुळे एप्रिल २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला तीन महिन्यांची मुदत घालून द्यावी लागली. मला ताऱ्यांची पद्धत पसंत नाही. सगळ्या गुणदोषांची बेरीज-वजाबाकी करून एकच तारा-आकडा दिला, की जास्त मीठ हे थोड्या प्रथिनांच्या किंवा सुक्यामेव्याच्या आड लपू शकते. फ्रान्सने २०१७ मध्ये आणलेल्या न्यूट्री-स्कोअरमध्येही 'ए' ते 'ई' असे एकच अक्षर मिळते. ते झटपट वाचता येते, पण रक्तदाबाच्या माणसाला फक्त मीठ बघायचे असते आणि ते अक्षर त्याला काही सांगत नाही. ब्रिटनचे चार वेगळे रकाने या बाबतीत निःसंशय सरस आहेत. चिलीने २०१६ मध्ये साखर, मीठ, सॅच्युरेटेड फॅट आणि कॅलरी यांच्यासाठी काळ्या अष्टकोनी इशाऱ्यांची सक्ती केली. ती सक्ती ब्रिटनने उचलण्यासारखी आहे.

सध्याच्या रूपात मी या लेबलला पाचपैकी साडेतीन गुण देईन. वाढपाची मापे बांधली, फायबरला जागा दिली आणि साखरेचा टक्का ३० ग्रॅमच्या मर्यादेवर काढला, तर आणखी एक गुण देईन. उरलेला अर्धा सक्तीसाठी राखून ठेवते. सक्ती होईपर्यंत एक काम आपल्या आयातदारांना आणि दुकानदारांना आजही करता येईल. भारतातून आलेल्या पुष्कळ पाकिटांवर इथला पत्ता, अ‍ॅलर्जीची माहिती आणि पोषणाचे आकडे छापलेली एक पांढरी चिकटपट्टी ते स्वतःच छापून लावतात. त्या पट्टीवर फॅट, सॅच्युरेटेड फॅट, साखर आणि मीठ हे चारही आकडे आधीपासून असतात. पुढच्या खेपेच्या पट्ट्या छापताना त्यांनी हेच चार आकडे रंगीत रकान्यांत घालून पाकिटाच्या दर्शनी बाजूला लावावेत, आणि आपण ग्राहकांनी दुकानात जाऊन तशी मागणी करावी.